विमानातला चौथा खर्च

आमच्या नाटक कंपनीच्या जाहिरातीत विंगमास्तरांचं नाव कधी छापून आलं नाही. पडदा वर गेला की आम्ही उजेडात आणि ते विंगेत, हातात संहिता, नाकाच्या शेंड्यावर चष्मा, ओठ आमच्याबरोबर हलणारे. कुणी अडखळलं की पुढचा शब्द पोचवायचा. तो नटाच्या कानात पडला पाहिजे आणि पहिल्या रांगेतल्या माणसाला कळताही कामा नये. उभी हयात त्यांनी हे एकच काम केलं. मी कितीतरी राण्या झाले, कैदाशिणी झाले, टाळ्या घेतल्या, आणि त्यांतल्या निम्म्या टाळ्यांच्या अलीकडे एक श्वासभर मला पुढचं काही सुचत नव्हतं, हे फक्त त्यांना माहीत. कधी बोलले नाहीत. विचारलं तर म्हणायचे, "बाई, तुम्ही थांबलात कुठे? तुम्ही परिणाम साधत होतात."

म्हातारपणी योगायोगाने आम्ही एकाच इमारतीत आलो. मी पहिल्या मजल्यावर, ते दुसऱ्या. त्यांची बायको जाऊन बराच काळ लोटला. एक मुलगी, ती नवरा आणि लेकीसह दूरच्या शहरात. मास्तर एकटे राहायचे, स्वतःचं स्वतः शिजवायचे, दुपारी माझ्याकडे चहाला उतरायचे आणि संध्याकाळी मागच्या गल्लीतल्या हौशी पोरांच्या तालमीत जाऊन बसायचे. तिथेही काम तेच, शब्द देण्याचं. पैसे नाहीत, फक्त एक खुर्ची. त्या खुर्चीसाठी हा माणूस रोज दाढी करायचा.

मध्यंतरी मुलीने तिकीट काढून त्यांना विमानाने बोलावून घेतलं. जन्मातला पहिला विमानप्रवास. वाटेत अडचण नको म्हणून आपल्या खात्यावरचं एक कार्डही पाठवून दिलं. तिच्याकडे राहून आले, परत येताना जावयाने गाडीने आणून सोडलं. सगळं छान झालं असं आम्ही समजत होतो.

मग एका दुपारी ते चहाला आले आणि कप तसाच गार होऊ देत बसून राहिले.

"काय झालं?"

"मुलीचा फोन येईल आता. तुमच्यासमोर बोलू दे. एकट्याला नको वाटतंय."

आला. मास्तरांना कमी ऐकू येतं म्हणून फोन मोठ्या आवाजावर टेबलावर ठेवला.

"बाबा, मला चिडायचं नाहीये."

"म्हणजे चिडली आहेस."

"कार्डाचं स्टेटमेंट आलंय. त्यात चार खर्च आहेत, कुठल्यातरी खानपान कंपनीच्या नावाने. पुढे लिहिलंय, विमानातली खरेदी. तुम्हाला परवा विचारलं, तुम्ही नाही म्हणालात."

"नाहीच घेतलं काही."

"आणि तारीख आहे त्या दिवशी तुम्ही माझ्या घरी पलंगावर पेपर वाचत होतात. विमानात नव्हतातच! मग एकतर कार्ड कुणीतरी वापरलंय, नाहीतर..."

"नाहीतर काय? बोल ना."

"नाहीतर तुम्ही वापरलंय आणि तुम्हाला आठवत नाहीये. बाबा, मागच्या महिन्यात गॅस चालू राहिला होता. किल्ली दारालाच लटकत होती. चोरी असेल तर मी बँकेशी भांडेन. पण दुसरं असेल ना, तर तुम्ही तिथे एकटे राहायचं नाही. मावशी, तुम्ही तरी सांगा त्यांना."

मावशी म्हणजे मी. मी काय सांगणार? मी नुसतंच "अगं" म्हटलं. मास्तरांनी माझ्याकडे पाहिलंही नाही.

"मी इथून हलणार नाही," ते म्हणाले. "आणि मला सगळं आठवतंय."

"थांबा, बँकेच्या बाई दुसऱ्या लाइनवर आहेत. त्यांनाच घेते."

बँकेतली मुलगी तरुण असावी, पण आवाज दिवसाचा शेवटचा प्रयोग करणाऱ्या नटासारखा दमलेला. तिने सगळं नीट समजावलं मात्र. विमान वर असताना कार्डाच्या मशीनला नेटवर्क नसतं. मशीन पैसे घेतल्याची नोंद करून ठेवतं, आणि विमान उतरल्यावर, कधी चार दिवसांनी, त्या सगळ्या नोंदी एकगठ्ठा पुढे जातात. स्टेटमेंटवर तारीख पडते ती त्या दिवसाची. आणि नाव विमान कंपनीचं असेलच असं नाही, खाणंपिणं ज्यांच्याकडे सोपवलेलं असतं त्यांचं येतं.

"म्हणजे हे त्याच प्रवासातलं असू शकतं?" मुलीने विचारलं.

"असू शकतं मॅडम. पण आम्हाला रक्कम दिसते, वस्तू दिसत नाहीत. वस्तूंची यादी विमान कंपनीकडून मागवावी लागेल, त्याला वेळ लागतो. सर, तुम्ही विमानात काही विकत घेतलं होतं का?"

"नाही," मास्तर म्हणाले. आवाजात तसूभरही कंप नाही.

"मग तक्रार नोंदवू?"

"तासाभराने सांगते," मुलगी म्हणाली. मग बँकेची लाइन तुटल्यावर हळूच, "बाबा, बघा ना आठवून. मला तुम्हाला खोटं पाडायचं नाहीये हो. मी पण थकलेय. ऑफिसात फोन वाजला की आधी वाटतं, तुमचं काहीतरी झालं."

फोन बंद झाला. मास्तर चष्मा काढून पुसत बसले. स्वच्छच होता.

मला माणसाला प्रश्न विचारून काही काढता येत नाही. दिग्दर्शक विचारायचे, "या पात्राला इथे काय वाटतं?" तर मी बधिर. पण उभं राहून चालायला सांगितलं की सगळं आपोआप यायचं. गुडघ्याच्या ऑपरेशनपासून मी चार पायांचा वॉकर घेऊन चालते. त्यावर चहाचा ट्रे आडवा ठेवला आणि म्हटलं, "मास्तर, त्या खुर्चीत बसा. पट्टा बांधा."

"बाई, काय नाटक लावलंय?"

"तेच लावलंय. तुम्ही प्रवासी, मी हवाईसुंदरी. हसू नका."

"हसत नाहीये. घाबरलोय."

मी वॉकर ढकलत स्वयंपाकघराच्या दारातून प्रवेश केला. "सर! चहा, कॉफी, काही घेणार का?"

"अशी नव्हती म्हणाली." मास्तर लगेच. "आधी हसली. मग खाली वाकून म्हणाली, 'गरम काही देऊ का?' आणि हात कमरेवर नव्हता. तुमचा आवाज शेवटच्या सीटपर्यंत जातोय, तिचा मला ऐकायला कान पुढे करावा लागला."

"गरम काही देऊ का?" मी वाकून कुजबुजले. गुडघ्यात कळ आली.

"हां. मग मी चहा घेतला आणि सँडविच."

मी तिथेच थांबले. "अहो, मग घेतलंत की!"

"घेतलं म्हणजे? तिने दिलं. प्रवासात देतातच की. तिकिटात असतं ते."

"आणि कार्ड?"

"तिने एक डबी पुढे केली, म्हणाली कार्ड लावा. लावलं. मला वाटलं पास तपासतेय."

मी वॉकरवरच टेकले. हसू की रडू कळेना. दौऱ्यावर कंपनीचा मॅनेजर सगळ्यांची तिकिटं आपल्या खिशात ठेवायचा. वाटेत चहावाला, जेवणवाला आला की आम्ही कंपनीने दिलेला पास दाखवायचा आणि ताट घ्यायचं, पुढचा हिशोब मॅनेजरचा आणि त्याच्या कपाळावरच्या आठ्यांचा. या माणसाने आयुष्यात प्रवासात स्वतःच्या खिशाला हात घातलाच नव्हता. त्यांना "काही विकत घेतलंत का" विचारलं तर ते नाहीच म्हणणार, आणि शपथेवर म्हणणार.

"बरं, चहा झाला. पुढे?"

आता मास्तर रंगात आले. खुर्चीतल्या खुर्चीत वळले. "इकडे एक बाई, मांडीवर तान्हं. ते रडून लाल. तिला काही घ्यायची सवडच नाही. मी म्हटलं, हिलाही चहा-बिस्किटं द्या. पुन्हा डबी आली, पुन्हा कार्ड. आणि इकडे खिडकीशी एक म्हातारा, पातळ सदऱ्यात कुडकुडतोय. म्हटलं पांघरूण असेल तर द्या यांना."

"म्हातारा? तुमच्यापेक्षा?"

"माझ्यापेक्षा म्हातारा दिसत होता. वयाचं मी विचारलं नाही."

"आणि पांघरुणालाही कार्ड लावलंत."

"लावलं. कंपनी देतेय तर आपण का हात आखडायचा?"

"आयजीच्या जिवावर बायजी उदार!"

दोघंही हसलो. खोकला येईपर्यंत हसलो. तीन खर्च सुटले होते, मुलीने आधी सांगितलेल्या रकमाही अंदाजाने जुळत होत्या. राहिला चौथा, चारांत मोठा.

"पुढे?" मी ट्रे घेऊन पुन्हा दारातून आले. "खाण्याची गाडी गेली. आता वस्तूंची आली असेल. अत्तर, घड्याळं, कायकाय."

"आली असेल."

"ती काय म्हणाली?"

ते खुर्चीत ताठ बसून समोर बघत राहिले. ओठ हलले, शब्द नाही. तोवरचं प्रत्येक वाक्य त्यांनी ठाशीव टाकलं होतं, आणि हे "असेल" मात्र मऊ, पायाखाली खचणारं. मी आणखी एकदा प्रवेश केला. मग पुन्हा करवेना.

"पुढे विमान उतरलं, बाई," ते म्हणाले.

फोन वाजला. मास्तरांनी मुलीला पास, डबी, तान्हं बाळ, कुडकुडणारा म्हातारा, सगळं क्रमाने सांगितलं. ती फसकन हसली. "अहो बाबा, विमानात चहासुद्धा विकतच असतो! आणि तुम्ही सगळ्या रांगेला पंगत घातलीत? माझ्या कार्डावर?"

"चुकलंच."

"चुकलं कसलं. बरं, आणि चौथा?"

"चौथा येत नाही गं."

तिच्या मागे कुठेतरी पोरगी खेळत होती, तोंडाने "घूंऽऽ" असा आवाज काढत. मुलगी सावकाश म्हणाली, "बाबा... ते विमान. छोटीचं. निळ्या शेपटीचं. तुम्ही दारातच तिच्या हातात दिलंत ना. म्हणालात, मी बसलो होतो त्याचंच पिल्लू आणलंय. मला वाटलं विमानतळावरच्या दुकानातलं असेल. रात्री ती ते घेऊनच झोपते."

"हो हो," मास्तर म्हणाले. "ते विमान."

"झालं तर मग! सुटलं. तक्रार नको, काही नको." तिच्या आवाजातलं ओझं उतरलेलं मला इथे कळलं. "मीच उगाच घाबरले. राहा तुम्ही तिथे आरामात. गॅसला ते आपोआप बंद होणारं बटण बसवून घेऊ. मावशी, ऐकताय ना? जिंकले तुमचे मास्तर."

मी काहीतरी गमतीचं बोलणार होते, पण मास्तरांनी हात वर केला.

"थांब," ते म्हणाले. "मला घ्यायला ये."

"अहो, आता कशाला? सगळं जुळलं ना?"

"ऐक. नट विसरला की मी शब्द द्यायचो आणि त्याच्या डोळ्यांकडे बघायचो. कितीही विसरलेला असो, शब्द कानावर पडला की डोळ्यांत दिसतं, हां, हेच. ते दिसलं की माझं काम झालं. विसरण्याचं काही नसतं बाळा, सगळेच विसरतात. तू आत्ता मला शब्द दिलास. विमान, निळी शेपटी, दार. माझंच वाक्यही दिलंस, पिल्लाचं. आणि मला काही दिसत नाहीये. छोटीचा चेहरासुद्धा नाही. मी हो हो म्हणालो ते तुला बरं वाटावं म्हणून."

"बाबा, एका खेळण्यावरून..."

"तू नेशील म्हणून मी भांडत होतो. आता मीच म्हणतोय. डॉक्टरला दाखवू, तो काय सांगायचं ते सांगेल. पण मी इथे एकटा नको."

पलीकडून नाक पुसल्यासारखा आवाज आला. "शनिवारी येते. काही आवरू नका, मी आवरीन. आणि बाबा... चहा पाजलात ते बरं केलंत हो त्या बाईला."

फोन बंद करून मास्तर उठले. बुशशर्ट नीट केला. तालमीची वेळ झाली होती.

"आजच्या दिवस राहू दे," मी म्हटलं.

"नाही, आजच सांगून टाकतो. दुसरा अंक बसवतायत. कुणी अडलं आणि मलाही शब्द सापडला नाही, तर ती पोरं काही बोलणार नाहीत. नुसती थांबून राहतील माझ्याकडे बघत. ते मला सोसायचं नाही."

"मी येते बरोबर."

"जिना उतरायचा आहे."

"मला माहीत आहे जिना असतो ते. वर्षानुवर्षं इथेच राहते."

वॉकर त्यांनी उचलून घेतला, मी कठडा धरला. एक पायरी मी उतरायची, मग ते उतरायचे. खाली पोचलो तेव्हा दोघांनाही दम लागला होता. शेवटच्या पायरीवर जरा बसलो. रस्त्यावरून सायकली, दूधवाला, शाळेतून उशिरा सुटलेली मुलं जात होती.

"तिथे काय म्हणायचं ते एकदा ठरवून घेऊ," मास्तर म्हणाले. "लांबण नको. पोरांना वाईट वाटेल असंही नको."

"'उद्यापासून मी येत नाही. तुमच्यातल्याच कुणाला तरी बसवा खुर्चीत.'"

"बसवा नको. बघा. 'तुमच्यातलाच कुणी बघा.'"

"बरं, बघा."

त्यांनी ते म्हणून पाहिलं. आवाज मध्येच बसला. मी शब्द दिला नाही. घसा साफ करून त्यांनी पुन्हा म्हटलं, या वेळी शेवटपर्यंत. मग मी वॉकर पुढे टाकला आणि आम्ही मागच्या गल्लीकडे निघालो.