पाहुण्यांच्या आधी संपलेला मेळावा

प्रमुख पाहुण्यांची गाडी मांडवाशी थांबली, तेव्हा मांडववाला खुर्च्या टेम्पोत चढवत होता. आम्ही मागच्या जीपमधून उतरलो. आमचे मेजरसाहेब माझ्याकडे बघत होते. मी हातातल्या हाराकडे बघत होतो.

माजी सैनिकांसाठी राज्य सरकारचं कार्यालय असतं. नागपूरच्या कार्यालयात मी हेडक्लार्क आहे आणि निवृत्त मेजर आमचे प्रमुख. लोकांना वाटतं आम्ही पेन्शन देतो. देत नाही. आम्ही ओळखपत्रं, विधवांची मदत, मुलांच्या वसतिगृहाचे अर्ज बघतो. या सगळ्याला मेजरसाहेबांची सही लागते आणि सहीसाठी उमरेडकडची म्हातारी माणसं एसटीने नागपूरला येतात. उमरेडला एका सरकारी आवारात एक खोली वर्षानुवर्षं कुलूपबंद होती. ती मिळाली तर महिन्यातून दोनदा आम्हीच तिथे जाऊन बसणार होतो. म्हणून खोली ज्यांच्या खात्याची, त्या मोठ्या साहेबांनाच त्याच आवारात भरवलेल्या मेळाव्याला बोलावलं. हार, शाल, भाषण आणि मग भर सभेत मागणी, असा प्लॅन होता.

सूत्रसंचालन तिथल्याच एका निवृत्त सुभेदारांकडे होतं. पत्रिकेवर वेळ अकराची. सरकारी माणूस अकरा हे साडेबारा असं वाचतो. फौजी तेच पावणेअकरा वाचतो. आम्ही दोघं पाहुण्यांना घ्यायला नाक्यावर थांबलो होतो आणि सुभेदारांनी शिस्त म्हणून फोन बंद ठेवला होता. त्यांनी ठोक्याला कार्यक्रम सुरू केला. पाहुण्यांचा परिचय दिला, रिकाम्या खुर्चीला टाळ्या वाजवून घेतल्या, आभार मानले, राष्ट्रगीत घेतलं. माणसं जेवून आपापल्या बसला गेली.

"सुभेदारसाहेब, हे काय केलं?" मेजरसाहेबांनी दबक्या आवाजात विचारलं.

"सर, ऑर्डर अकराची होती."

"पाहुणे आले नव्हते."

"ते ऑर्डरमध्ये नव्हतं, सर."

खोली गेली, असं मी मनात लिहून टाकलं. मोठे साहेब परत निघालेच होते, पण त्यांचा ड्रायव्हर जेवायला बसला होता. सुभेदारांनी त्यांनाही आग्रहाने ताट दिलं. खुर्च्या नव्हत्या, म्हणून ते बाकावर बसले. शेजारी अनुसयाबाई होत्या. एका शिपायाच्या विधवा. त्यांची बस उशिराची होती. साहेब कोण, हे त्यांना ठाऊक नव्हतं.

"काहून उशीर केला गा? सारे गेले," त्या म्हणाल्या.

मीटिंग होती, असं साहेब पुटपुटले.

"माह्यासारखंच. एका सहीसाठी दोन बसा बदलून नागपूरले जातो, तं म्हणते साहेब दौऱ्यावर हाये. घुटने पार कामातून गेले."

मेजरसाहेबांना ठसका लागला. मी त्यांना पाणी दिलं. मग सही करणाऱ्या साहेबांनी कुठे बसावं, असं पाहुण्यांनी विचारलं. बाईंनी हातातल्या पोळीनेच समोरची खोली दाखवली.

"ते काय, कुलूप लावून ठेवली. कोन राहून राहिलं तिच्यात, घुबड?"

एरवी साहेब यावर 'सकारात्मक विचार करू' म्हणाले असते. ते वाक्य त्यांच्या छापील भाषणात होतंच, पीएच्या हातात मला दिसत होतं. पण ऐकायला सभाच नव्हती. ते हात धुऊन खोलीकडे गेले. किल्ली कोणाकडे आहे ते कोणालाच माहीत नव्हतं, म्हणून सुभेदारांनी दगडाने कुलूप तोडलं. आत एक लंगडं टेबल आणि दोन कबुतरं. घुबड नव्हतं.

"प्रस्ताव कुठाय?" साहेबांनी विचारलं.

तो माझ्या बॅगेत होता. त्यांनी गाडीच्या बॉनेटवर ठेवून सही केली.

आता आम्ही महिन्यातून दोनदा त्या खोलीत बसतो. अनुसयाबाईंना एकच बस लागते. मेजरसाहेब उशिरा आले की त्या ऐकवतात, तेवढं सोसावं लागतं. माझ्यापुरता मी हिशेब मांडला आहे: पाहुण्याला माइक दिला की आश्वासन मिळतं, नाही दिला की सही. पुढच्या मेळाव्याच्या अंदाजपत्रकात मी माइक धरलेला नाही.