पत्रकाच्या तळाची ओळ

दिल्लीची गाडी चाळीसगावला फार थोडा वेळ थांबते. त्यातला निम्मा वेळ अण्णांनी माझ्याशी भांडण्यात घालवला.

"खासगी चॅनल म्हणजे पैसेवाल्याचा भोंगा," ते खिडकीचा गज धरून म्हणाले. "आणि त्या भोंग्यात बोलायला आमची पोरगी चालली."

आईने दशम्यांचं पुडकं आत सरकवलं. "भोंग्यापाशी एखादं शहाणं माणूस असलेलं बरं, नाही का?" ती म्हणाली. तेवढ्यात गाडी हलली. गजावर त्यांच्या बोटांची शाई राहिली होती. भुसावळपर्यंत मी तिला हात लावला नाही.

भुसावळनंतर पुडकं सोडलं आणि हसूच आलं. दशम्या ज्या कागदात बांधल्या होत्या त्यावर ठळक अक्षरात छापलं होतं: 'आकाशातून उतरलेली गुलामी'. डिश अँटेना आणि परदेशी चॅनलांविरुद्ध अण्णांनीच लिहिलेलं, जुळवलेलं, छापलेलं पत्रक. चॅनलमध्ये नोकरीला निघालेल्या मुलीच्या मांडीवर ते तेलाने डागाळून पडलं होतं. आईला नंतर पत्राने विचारलं, तर तिने लिहिलं, "दुसरा कागदच नव्हता घरात."

खरंच नव्हता. त्याची गोष्ट सांगायला हवी, कारण पुढचं सगळं तिच्यावरच उभं आहे.

अण्णांचा छोटा छापखाना. पायाने चालवायचं ट्रेडल मशीन, लग्नपत्रिका आणि बिलबुकं हे पोटाचं काम, आणि पत्रकं हे जिवाचं. सूतगिरणीतल्या कामगारांची, पाण्यासाठी मोर्चा काढणाऱ्या बायांची, धरणात जमीन गेलेल्यांची. मी शाळेत जायच्या आधी छपाईच्या शिशाच्या खिळ्यांवरची उलटी अक्षरं वाचायला शिकले. आई खळ शिजवायची, मी भिंतींवर चिकटवायची. आमच्या घरात देवघर नव्हतं, पण एक नेम कधी चुकला नाही: पत्रकाच्या अगदी तळाशी मुद्रक आणि प्रकाशकाचं नाव, गाव. कायदाच आहे तसा. अण्णांना मात्र कायद्याची गरज नव्हती. "ज्याच्या तळाशी नाव नाही तो कागद नव्हे, कुजबुज," ते म्हणायचे. "शिवी द्यायची तर दाराशी उभं राहून द्यावी."

आणि नेमकी त्या गुलामीच्या पत्रकात ती ओळ जुळवायची राहिली. सगळा गठ्ठा छापून वाळल्यावर लक्षात आलं. आई म्हणाली, रबरी शिक्का मारू. अण्णा म्हणाले, "नाव मागाहून चिकटवायचं नसतं." गठ्ठा घरी आला. पुढे कित्येक महिने आमच्याकडचे शेंगदाणे, गूळ, शेजारणीला दिलेली भाजी, सगळं त्या कागदात बांधलं गेलं. अख्ख्या गल्लीने ते पत्रक वाचलं. अण्णांच्या हिशेबी मात्र ते कधी निघालंच नाही.

दिल्लीत मला मुनिरकात खोली मिळाली. खाली म्हशी, वर पाण्याच्या टाक्या, मधल्या प्रत्येक मजल्यावर कुठल्या ना कुठल्या परीक्षेची तयारी करणारी मुलं. माझी खोलीसोबतीण लातूरकडची शबाना. ती कलेक्टर व्हायला आली होती आणि भिंतभर नकाशे लावून त्यांच्याकडे पाठ करून झोपायची. रोज सकाळी मी चार्टर्ड बस पकडून यमुना ओलांडायची. पलीकडे नोएडा. मोहरीच्या शेतात मध्येच उभे राहिलेले खांब, विटांचे ढीग, आणि जिथे अजून माणसं नव्हती तिथे सेक्टरचे आकडे लिहिलेल्या पाट्या. आमचं चॅनल तिथल्या एका नव्या इमारतीत होतं. लिफ्टला अजून प्लास्टिक चिकटलेलं होतं. सगळेच नवे. कुणालाच कुणी जुनं माहीत नव्हतं, त्यामुळे कुणीही काहीही होऊ शकत होतं. मला ते फार आवडलं, हे अण्णांना मी तेव्हा कळवलं नाही.

आमचे साहेब चढ्ढा. त्यांनी मला सहा भागांच्या मालिकेचं लेखन दिलं: अमेरिकेतली रेडिओ आणि टीव्हीची नेटवर्क्स कशी वाढली. "आज चॅनल हैं, कल नेटवर्क बनेंगे," ते म्हणायचे. "लोगों को दिखाओ, रास्ता क्या है।" पहिल्या महिन्यात मी ग्रंथालयात बसून जाडजूड पुस्तकं वाचली आणि मला एक वेगळीच अमेरिका भेटली. गावोगावची चिमुकली रेडिओ स्टेशनं. कुणी वर्तमानपत्रवाल्याने काढलेलं, कुणी विमावाल्याने, कुणी कोंबड्यांचं खाद्य विकणाऱ्याने, दुकानाच्या माडीवर. मग टेलिफोनच्या तारांनी ती एकमेकांना जोडली गेली, मोठ्या शहरातलं एक गाणं एकाच वेळी शेकडो गावांत वाजू लागलं. साबणवाल्यांनी मालिका काढल्या. एका कंपनीच्या हातात दोन साखळ्या आल्या तेव्हा सरकारने तिला एक विकायला लावली. टीव्ही आला, तोही बहुतेक त्याच रेडिओवाल्यांच्या हातात. बक्षिसांच्या प्रश्नमंजुषेत स्पर्धकांना उत्तरं आधीच पढवलेली निघाली आणि देशभर बोंब झाली.

पण मी खुर्चीतून उठले ती दोन साध्या नियमांपाशी. प्रत्येक स्टेशनने दर तासाला आपलं नाव आणि आपलं गाव सांगायचं. आणि पैसे घेऊन काही ऐकवलं, तर ते कुणी दिले हेही सांगायचं. मी तिथल्या तिथे अण्णांना पत्र लिहिलं, की तुमची तळाची ओळ अमेरिकेतही आहे. आठवड्याने पोस्टकार्ड आलं: "अमेरिकेत? नीट बघ. भाषांतर चुकलं असेल."

पाच भाग झाले. चांगले झाले, हे मी आजही संकोच न करता सांगते. सहाव्या भागाच्या वेळी चढ्ढा साहेबांनी मला बोलावून सांगितलं, की शेवट नोएडाच्या पुढे उभ्या राहणाऱ्या एका नव्या वसाहतीत करायचा. प्रत्येक फ्लॅटमध्ये केबलचं सॉकेट, गच्चीवर सामायिक डिश, 'उद्याचा प्रेक्षक इथे राहतो'. या भागाचा खर्च ती वसाहत बांधणाऱ्या बिल्डरनेच केला होता. प्रेक्षकांना ते सांगायचं नव्हतं.

मी लिहिलं. वसाहत खरी होती, सॉकेटं खरी होती. फक्त शेवटी एक पाटी जोडली: या भागाचा खर्च कुणी केला ते, आणि त्याखाली लेखिका म्हणून माझं नाव.

शबाना म्हणाली, "बाई, तुला तत्त्व पाहिजे का पगार?"

"दोन्ही."

"हे मुलाखतीतलं उत्तर झालं. नापास होशील." मग नकाशांकडे तोंड करून म्हणाली, "भाड्याचं मी बघते महिनाभर. जा."

माझा करार तेव्हा दर तीन महिन्यांनी नव्याने व्हायचा, आणि तो आठवडा शेवटचा होता. एडिटिंगच्या खोलीत बिष्टजी मशीनवर होते. अल्मोड्याचे, कमी बोलणारे; अण्णांच्या छापखान्याच्या गोष्टी त्यांनी माझ्याकडून ऐकल्या होत्या. चढ्ढा साहेबांनी पाटी पाहिली.

"क्रांतीजी, ये लास्ट में क्या है?" माझं नाव क्रांती, त्याला अण्णा जबाबदार.

"पैसे किसने दिए, वो।"

"अरे यार, न्यूज़ जैसा लगे, इसी के तो दिए हैं।"

"सर, तीसरे भाग में हमने ही कहा कि बताना पड़ता है। तारीफ़ की है उसकी।"

"वो अमेरिका है। ये नोएडा है।"

"तो फिर छहों भाग में मेरा नाम भी हटा दीजिए। सिर्फ़ इसी में नहीं।"

पाच भाग आधीच दाखवून झाले होते, नावं घरोघर पोचली होती, आणि ती आता काढायची कशी हे आम्हां दोघांनाही माहीत नव्हतं. बिष्टजी मागे न वळता म्हणाले, "सर, दो सेकंड का कार्ड है। इतने में बिल्डर साहब चश्मा भी नहीं ढूँढ पाएँगे।"

चढ्ढा साहेबांना हसू आलं, ते त्यांनी दाबलं. "उसने पूछा तो मैं तुम्हारा नाम बता दूँगा।"

"बता दीजिए। उसी के नीचे लिखा है।"

"जो करना है करो," म्हणून ते बाहेर गेले. मी बिष्टजींना म्हटलं, दोन सेकंदांत कुणीच वाचू शकणार नाही. त्यांनी मशीनच्या चाकावर बोट ठेवलं. "पढ़ो। ज़ोर से। अपने पिताजी की स्पीड से।" मी वाचलं, अण्णा वाचतात तसं, प्रत्येक शब्दाला थांबून. माझा शेवटचा शब्द संपला तिथे त्यांनी पाटी संपवली.

बिल्डरला चष्मा सापडला. माझा करार पुढे झाला नाही. चढ्ढा साहेबांनी मला केबिनमध्ये बोलावून सांगितलं, मागून निरोप पाठवला नाही, हे त्यांच्या बाजूने लिहून ठेवते. दोन महिने शबानाने भाडं भरलं, मग मला दुसऱ्या चॅनलमध्ये काम मिळालं. तिथेही पहिल्या दिवशी मी तळाच्या ओळीबद्दल विचारलं. लोक हसतात. विचारायचं मी सोडलेलं नाही.

चाळीसगावात आमच्या घरी टीव्ही नाही. सहावा भाग अण्णांनी समोरच्या शिंपीकाकांकडे पाहिला, शत्रूच्या केबलवर. आईने कळवलं, की अर्धा तास ते स्टुलावर अवघडून बसले, वसाहत आली तेव्हा "भोंगा" म्हणाले, आणि पाटी आली तेव्हा उठून पडद्याजवळ गेले. त्यांचं स्वतःचं कार्ड चार दिवसांनी आलं. "कार्यक्रम पाहिला. ओळ वाचता आली. टाइप बारीक होता."

आता मी नोएडातच राहते. इथल्या दारांवर नुसते आकडे असतात. ते पत्रात लिहिलं, तर अण्णांनी पुठ्ठ्याची पाटी छापून पाठवली. पाटी आली ती एका जुन्या पिवळ्या कागदात गुंडाळून. तो गठ्ठा अजून संपलेला नाही. पाटीवर माझं नाव, खाली चाळीसगाव. शेजारच्या भाटियाआंटींनी ती वाचून विचारलं, "बेटा, ये चालीसगाँव कौन से सेक्टर में पड़ता है?" मी त्यांना आत बोलावलं, चहा ठेवला आणि सांगायला बसले.

घर कुठे, असं कुणी विचारलं की मी आता दार दाखवते. मी इथे राहते आणि मी तिथली आहे, दोन्ही त्या एका पुठ्ठ्यावर मावतं. जवळ गेलं तर तळाशी, मुंगीएवढ्या टाइपात, मुद्रकाचं नावही दिसतं. ते जुळवायचं या वेळी राहिलेलं नाही.