शेऱ्याचा रकाना

हे मी आजवर कुणालाच सांगितलेलं नाही — बायकोलाही नाही, आणि तिला तर माझं न सांगितलेलंही कळतं. तुम्ही ऐका.

भोकरदनला आमच्या समाजाचं वधू-वर मंडळ आहे. शाळेतून निवृत्त झाल्यापासून मंडळाची वही मी लिहितो. नाव, शिक्षण, शेती, नोकरी, आणि शेवटी एक अरुंद रकाना — शेरा. ज्याच्याबद्दल लिहिलंय त्याला तो दाखवायचा नाही, फक्त स्थळ बघायला आलेल्यांना दाखवायचा, ही आम्हा चार म्हाताऱ्यांची पद्धत. पद्धत कसली — सत्ताच होती ती आमची.

मग वैशाली मंडळात आली. माझीच विद्यार्थिनी, वय तिशीचं, बँकेत नोकरी. तिचं स्वतःचं नावही वहीत होतं. म्हणाली, सगळी माहिती मोबाइलवर घेऊ, ज्याची त्याला दिसू दे. एवढं मी हसण्यावारी नेलं असतं. पण भर बैठकीत तिनं वही स्वतःकडे ओढली. "सर, हा रकाना कशाला? ज्याच्यावर लिहिता त्यालाच दिसत न्हाई. हे बराबर न्हाई." आमच्यातलाच एक जण खाली मान घालून हसला. ते हसणं मला झोंबलं — अजून झोंबतं.

सगळे चहाला बाहेर गेले. मी तिचं पान काढलं आणि शेऱ्यात दोन शब्द लिहिले — चौकशी करावी.

खोटं लिहिलं का मी? कशाची चौकशी, ते कुठं लिहिलं होतं? तीच तर माझी हुशारी. मुलाकडचे आले की मी पान त्यांच्याकडे फिरवायचो आणि गप्प बसायचो. "काही भानगड हाय का गुरुजी?" "मी काय बोलणार," म्हणायचो. एकामागून एक स्थळं परत गेली. वाईट वाटलं का? नाही. मजा वाटली. बैठकीत तिनं मोबाइलचा विषय काढला की कुणीतरी म्हणायचं, आधी स्वतःचं जमव. ते वाक्य मीच पुरवलेलं. शेवटी तिनं मंडळ सोडलं आणि तो विषयही बंद पडला. तिचं नाव मात्र वहीत राहिलं.

एका दुपारी तिचे वडील रामभाऊ घरी आले. मनगटावर कोडाचा डाग, त्यावर बाही ओढून बसले. "गुरुजी, लोक येऊन राह्यले, अन् मंग निरोपच न्हाई. ह्या माझ्या हातामुळं असल का?"

आत्ता सांगून टाकावं — आलं होतं मनात. आणि केलं काय मी? चष्मा लावून त्यांचा हात नीट बघितला. म्हणालो, "लोक बघतात हो हे."

"मंग पाहुणे यायच्या वक्ती मी घरी थांबतच न्हाई."

"करून बघा."

रामभाऊ कुंभार पिंपळगावला बहिणीकडे राहायला गेले. तिसरं वर्ष चालू आहे. वैशाली दोनदा आणायला गेली, पण आले नाहीत. तुझं जमू दे, मग येतो, म्हणाले. लेकीसाठी आपण एवढं तरी करतोय, असं त्यांना वाटतं.

गेल्या महिन्यात वैशालीसाठी जालन्याहून एक स्थळ आलं. मुलगा खरंच चांगला होता. शेरा खोडायला पेन खिशातच होतं. मी पान तसंच उघडून दिलं.