पाकिटासकट शिवलेली नोटीस

आमचे धाकटे दीर बाइंडिंगचं काम करतात. हातात कुठलाही कागद द्या, त्यावर काय लिहिलंय ते नंतर, आधी दोन बोटांत धरून चोळून बघणार.

कागद कापायचं मोठं मशीन घ्यायला त्यांनी बँकेकडे दुकान गहाण टाकलं. मग शाळांची रजिस्टरं गेली कॉम्प्युटरवर, हप्ते थकले, आणि एका सकाळी शटरवर नोटीस चिकटली: गुरुवारी दुकानाचा ताबा घेणार. जाऊबाईने ती मोठ्याने वाचून दाखवली. भावजींनी जवळ जाऊन कागदाचा कोपरा उचकटून बघितला.

"खळ पातळ झालीय," म्हणाले.

"अहो, दुकान चाललंय! खळ कसली बघताय?" मी ओरडले. त्यांनी तो कोपरा अंगठ्याने दाबून परत चिकटवला.

आम्ही एका वकीलबाईंकडे धावलो. त्यांनी सांगितलं, बँकेची आजवर आलेली सगळी पत्रं घेऊन या. लोक अशा वेळी पिशवी उपडी करतात. भावजींनी पुस्तक नेलं! आल्या क्रमाने शिवलेलं, निळं कापडी कव्हर, पाठीवर सोनेरी अक्षरांत 'बँक'.

"लग्नाचे फोटोसुद्धा इतके जपले नाहीत भावजींनी," मी म्हटलं.

"ते अजून खोक्यातच आहेत," जाऊबाई म्हणाली.

प्रत्येक पत्रामागे त्याचं पाकीट शिवलेलं बघून वकीलबाई हसल्या. "पाकिटं कशाला हो?"

"जसं आलं तसं बांधायचं. आपण आपल्या मनाने काही काढायचं नाही."

वकीलबाई हसत पानं उलटत होत्या. एका पाकिटाशी त्यांचं हसू थांबलं. "हे असंच राहू द्या," त्या हळूच म्हणाल्या. "एक टाकाही उसवू नका."

वकीलबाईंनी ताबा थांबवायचा आणि थकबाकीचे हप्ते पाडून मागायचा अर्ज केला, आणि बुधवारी कोर्टात आमचा नंबर दुपारनंतर लागला. बँकेचे वकील घडाघडा बोलले. थकबाकी भरायला साठ दिवसांची नोटीस टपालाने दिली, साठ दिवस उलटले, पैसे आले नाहीत. नोटिशीवरची तारीख बघा! तारीख खरंच जुनी होती.

वकीलबाईंनी निळं पुस्तक पुढे केलं. "नोटीस लिहिली त्या तारखेला, पण टपालात पडली एकोणीस दिवसांपूर्वी. पाकिटावरचा शिक्का बघावा."

"ते पाकीट कशाचंही असेल!" बँकेचे वकील म्हणाले.

न्यायाधीशबाईंनी चष्मा वर सरकवला. बँकेच्या स्वतःच्या अर्जात त्या रजिस्टर टपालाचा नंबर होता. एक बोट अर्जावर, एक बोट पाकिटावर, असा एकेक आकडा त्या जुळवत गेल्या. अख्खी खोली त्या दोन बोटांकडे बघत होती. मी आयुष्यात इतका वेळ तोंड मिटून बसले नसेन. शेवटचा आकडाही जुळला.

"पत्र बँकेच्या टेबलावर पडून होतं, ते दिवस या माणसाच्या मुदतीतून कापायचे नाहीत," त्या म्हणाल्या. आवाज चढला नाही, काही नाही. नोटीस हातात पडल्यापासून साठ दिवस मोजायचे, तोवर दुकानाला कुणी हात लावायचा नाही, आणि हप्ते पाडून देण्याच्या अर्जावर बँकेने लेखी उत्तर द्यायचं. एवढी मोठी बँक, आणि तिचा वकील मान खाली घालून हे लिहून घेत होता!

गुरुवारी बँकेचा साहेब कुलूप घेऊन आलाच. भावजींनी हुकुमाची प्रत दिली. त्याने उभ्याउभ्या दोनदा वाचली आणि कुलूप पिशवीत टाकलं.

"साहेब," भावजी म्हणाले, "ग्रंथालयाचं काम मिळालंय. सोमवारी थोडे पैसे भरतो. कुणाकडे देऊ?"

साहेब गोंधळला. "माझ्याकडेच या," म्हणाला. "पावती हातोहात देतो."

तो गेला. भावजींनी मशीनखाली कागदांचा जाड गठ्ठा सरकवला, चाक फिरवलं, आणि पातं सरळ खाली उतरलं. जाऊबाई दारातच उभी राहून बघत होती. मीही.