पदर टाकणारी मिनल

सीताबर्डीत व्हरायटी चौकाजवळच्या गल्लीत शिरलं की मोबाईलच्या टपऱ्या एकमेकींना खेटून उभ्या दिसतात. त्यातल्या भैय्याजींच्या टपरीवर मिनल फोनला काच चढवते. गिऱ्हाइकाचा फोन उजेडात तिरपा धरायचा, मऊ फडक्याने पुसायचा, धुळीचा शेवटचा कण चिकटपट्टीने उचलायचा, आणि मग नवी काच एका कडेने अशी सोडायची की खाली हवेचा बुडबुडा राहू नये. नीट बसलेली काच दिसत नाही. लोक फोन खिशात घालून चालू लागतात, मागे वळून बघत नाहीत.

मिनल उमरेडची. तिची आई कुसुमावती हातमागावर लुगडी विणायची. लुगड्याच्या अंगाचं कापड सरळ विणून झालं आणि पदर आला की ती थांबायची, घोटभर पाणी प्यायची, आणि मग पदर पुरा होईपर्यंत घरात कुणी तिला हाक मारत नसे. मिनलने मागाला कधी हात लावला नाही. ती नागपूरला गोळीबार चौकात आत्याकडे राहायला आली आणि टपरीवर लागली. पण आईचं ते थांबणं तिच्यात उतरलं होतं.

टपरीच्या वर एक हॉल आहे. रविवारी तिथे पोरं जमतात आणि फोनवर राक्षसी प्राण्यांच्या झुंजी लावतात. झुंज जोडीजोडीची असते. नवख्याला वाटतं, प्राणी माराने पडतो. माराने पडतो खरा, पण त्याआधी त्याला बाधा होते. एकाला विष चढतं आणि तो पाळीपाळीने झिजत जातो. एकाला चटका बसतो, एकाला लकवा भरतो. कुणाला ऐन हाणामारीत झोप लागते. कुणी चकव्यात सापडतो आणि आपल्याच जोडीदाराला चावतो. बाधा झालेला वाघही मग शेळीच्या हातून मरतो.

मिनल कुणाला मारत नसे. ती बाधा होऊ देत नसे. तिच्याकडे पतंगासारखा एक मोठा प्राणी होता, पंखांवर जरीसारख्या रेघा. तिने त्याचं नाव शालू ठेवलं होतं. शालू पंख पसरायची आणि आपल्या सगळ्या प्राण्यांवर एक झिरझिरीत पडदा उतरायचा. पाच पाळ्या तो पडदा टिके, तोवर विष, झोप, लकवा काही आत शिरत नसे. स्क्रीनवर त्या डावाला इंग्रजी नाव होतं. मिनल त्याला पदर म्हणायची. पदर टाकला, पदर विरला, पदर नवा केला. तिच्या तोंडून तो शब्द हॉलमधल्या सगळ्यांच्या तोंडी गेला.

तिचा जोडीदार वैभव. गाड्यांच्या शोरूममध्ये कामाला, आवाज मोठा, मारण्यात पटाईत. जिंकलं की पोरं त्याला खांद्यावर घेत. मिनलला म्हणत, "का वं झाकणवाली, आज काय झाकलं?" ती हसे. त्या हॉलमध्ये वैभवच्या डाव्या बाजूला एक लाल प्लास्टिकची खुर्ची होती आणि ती मिनलची होती. दिवसभर लोकांसमोर उभं राहून मान खाली घालणाऱ्या त्या बाईला साऱ्या नागपुरात बसायला हक्काची तेवढीच जागा होती. ती जाऊ नये, एवढंच तिला हवं होतं.

दिवाळीनंतर शहराची स्पर्धा होती. त्याआधीच्या एका रविवारी जितेंद्रच्या जोडीशी झुंज लागली. जितेंद्रचा शेवटचा प्राणी मरायला टेकलेला. शालूचा पदर शेवटच्या पाळीवर आला होता.

"पदर विरून राहिला गा," मिनल म्हणाली. "पुन्हा टाकू?"

वैभवने स्क्रीनवरून डोळे उचलले नाहीत. हनुवटी उडवून म्हणाला, "राहू दे."

आपल्याकडे हा शब्द दोन तोंडांचा आहे. राहू दे म्हणजे नको, कशाला. आणि राहू दे म्हणजे आहे तसंच टिकू दे. ऐकणाऱ्याला आवाजावरून कळतं. मिनललाही कळलं. हनुवटी उडवून, तोडून म्हटलेला तो राहू दे नको होता. वैभवला एका घावात संपवायचं होतं. तिने पदर टाकला नाही, शालूला हल्ल्यावर सोडलं.

जितेंद्रचा प्राणी पडला नाही. तीळभर जीव घेऊन उरला आणि त्याने झोपेची भुकटी उधळली. वैभवचे प्राणी एकेक करून लवंडले. पुढचा मार झोपलेल्यांवर पडत गेला. वैभव बोटं आपटत राहिला, पण झोपलेल्याला हुकूम ऐकू जात नाही.

ते झुंज हरले. वैभव उठला.

"म्या काय म्हनलं होतं तुले? राहू दे म्हनलं ना! पदर राहू दे!"

मिनल त्याच्या तोंडाकडे बघत राहिली. "तू नको म्हनला होता."

"नको म्हनलं? कोनं ऐकलं नको? सांगा बे, म्या नको म्हनलं का?"

नको हा शब्द कुणीच ऐकला नव्हता. तेव्हा वैभवच्या मागे उभा असलेला मोहित म्हणाला, "मागवालीची पोरगी, अन् तिचाच पदर घसरला!"

हॉल हसला. हसू थांबत आलं की कुणीतरी परत तेच म्हणे आणि परत हसू उठे. मिनलचा हात आपोआप ओढणीकडे गेला. ते पाहून पोरं आणखी हसली.

दुसऱ्या दिवशी वैभव टपरीवर आला. सोबत त्याच्या मामाची पोरगी, खुशी. कामठीची, बारावीत शिकणारी, गालावर तीट लावल्यासारखा तीळ.

"स्पर्धेत ही बसन माझ्यासोबत," वैभव म्हणाला. "हिले शिकव वं जरा."

"म्या काहून शिकवू?"

"अवं, तुहं नाव राखीव म्हनून टाकून राहिलो. दोनदा हरलं का बाहेर. एकदा हरलो तं राखीव बसवता येते." मग हसून म्हणाला, "घरचीच आहेस ना तू."

मिनलने पोरीकडे पाहिलं. मग लाल खुर्चीचा विचार केला. "बस," ती खुशीला म्हणाली.

खुशीच्या फोनवरही शालूसारखाच एक पतंग होता. टपरी आवरायच्या वेळी, मागच्या बाकावर, मिनलने तिला शिकवलं. "विष चढल्यावर औषध शोधू नोको, चढूच देऊ नोको. समोरच्यानं फुगीर बेंडूक काढला तं विष येते. पांढरं फूल काढलं तं झोप. ज्याले झोप लागत नाही तो आपला प्रानी पुढं ठेव. अन् पदर विरायची वाट पाहू नोको, शेवटच्या पाळीतच नवा टाक. आधी झालेली बाधा पदरानं जात नाही, ध्यानात ठेव."

खुशी हुशार होती. शिवाय प्रेमळ होती. येताना डब्यात आईच्या हातचं काही ना काही आणी. मिनलताई, मिनलताई करी. एके संध्याकाळी तिने विचारलं, "ताई, दादा खेळताना धड बोलत नाहीत. पदर टाकू का इचारलं अन् ते राहू दे म्हनले, तं मी काय समजू?"

मिनलच्या हातात एका गिऱ्हाइकाचा फोन होता. उत्तर तिच्या जिभेवर होतं. परत विचारजो, टाकू का नको, एकच सांगा म्हनजो, आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं मोठ्यानं विचारजो. एवढंच होतं. एवढ्याने ती पोरगी झाकली गेली असती.

मिनलने फोन उजेडात तिरपा धरला, पुसला, कण उचलला.

"समजते आपोआप," ती म्हणाली.

"बरं ताई," खुशी म्हणाली आणि डबा पुढे केला. "आलूबोंडे आनले. गरम आहेत."

मिनलने एक घेतला.

स्पर्धा टपरीवरच्या त्याच हॉलमध्ये होती; त्या दिवशी मिनल पहिल्या रांगेत बसली. नवी ओढणी घेतली होती. पहिली झुंज रंगात आली. पदर शेवटच्या पाळीवर आला तेव्हा खुशी वैभवकडे वळली. काय विचारलं ते गलक्यात कळलं नाही. वैभवने ओठ हलवले ते मात्र मिनलला स्पष्ट दिसले. राहू दे. या वेळी हनुवटी उडाली नव्हती. या वेळी त्याला पदर खरोखर हवा होता. मिनलसोबत हरला त्या दिवसापासून तो भ्यायलेला होता.

खुशीने पदर टाकला नाही.

लकवा भरला, मग चटका, मग झोप. हॉलमध्ये मोठ्या पडद्यावर सगळं दिसत होतं. वैभवने खुशीच्या हातातला फोन हिसकावला आणि फरशीवर आपटला. "मामानं बैल पाठवला असता तं बरं झालं असतं!" तो सगळ्यांदेखत ओरडला. पोरगी खुर्चीवर बसूनच राहिली. तिला रडायचंही सुचलं नाही.

मिनल उठून उभी राहिली. ओढणी सारखी केली. पुढे एक पाऊल टाकलं.

माईकवरून राखीव खेळाडूचं नाव पुकारलं गेलं. मोहित.

मोहित मागून पळत आला, जाता जाता मिनलच्या खांद्याला घासून गेला, आणि खुशीला उठवून खुर्चीत बसला. वैभवने मिनलकडे पाहिलं. त्याच्या तोंडावर लाज नव्हती. ती तिथे उभी आहे हे त्याला पाहूनही दिसत नव्हतं. पुढच्या झुंजीत पदर टाकणारं कुणी नव्हतंच, आणि ते दोघे जितेंद्रच्या जोडीकडून हरून बाहेर पडले. मिनल तोवर जिना उतरून गेली होती.

सोमवारी खुशी टपरीवर आली. कामठीहून ऑटोने, एकटीच. डोळे सुजलेले. फोनची काच जाळ्यासारखी तडकली होती.

"आतली चांगली आहे ताई," ती म्हणाली. "वरचीच फुटली. दादा आता आमच्या घरी बोलत नाहीत. बाबा म्हनते तूच काही केलं असन." तिने फोन पुढे धरला. "ताई, मी चुकीचं समजले का? तुम्ही तं म्हनलं होतं समजते आपोआप."

मिनलने पुसायच्या फडक्याची घडी केली.

"बरं, जाऊ द्या. नवी काच लावून देता?"

मिनलने फोनकडे पाहिलं. मग पोरीकडे पाहिलं.

"राहू दे," ती म्हणाली.

खुशी हात पुढे करून उभी राहिली. फोन इथे ठेवून जायचा की परत न्यायचा, तिला कळेना. "म्हनजे?" तिने विचारलं.

मिनलने पुढच्या गिऱ्हाइकाचा फोन घेतला, उजेडात तिरपा धरला आणि पुसायला लागली.