पऱ्हाटीतला स्ट्रायकर

मुलेंगाने किती गोल केले, हे जयवंताबाईंना विचारायचं नाही. विचारलंच, तर तासभर बसायची तयारी ठेवायची. भारतातले सहा हंगाम, तीन क्लब, अठ्ठेचाळीस गोल आणि शेवटच्या वर्षी दंडावर कॅप्टनची पट्टी. हे सगळं त्या एका दमात सांगतात आणि वर, "आमच्याच वावरात शिकला तो," असं ठासून म्हणतात. मावला गावापलीकडच्या त्यांच्या खेड्यात फुटबॉलचं मैदानच नाही, ही गोष्ट ऐकणाऱ्याने मध्ये काढू नये.

मुलेंगा आफ्रिकेतल्या झांबियाचा, तांब्याच्या खाणींच्या गावचा. सतराव्या वर्षी तो खाणकामगारांच्या क्लबातून खेळायला लागला आणि बाविसाव्या वर्षी हैदराबादच्या एका क्लबाने त्याला स्ट्रायकर म्हणून आणला. पहिल्याच हंगामात अकरा गोल! दुसऱ्या हंगामात गुडघा फिरला, ऑपरेशन झालं आणि क्लबाने हात वर केले. त्याच क्लबात जयवंताबाईंचा मुलगा गोपाल राखीव गोलकीपर होता. गोव्याचा एक क्लब दसऱ्याच्या सुमारास चाचणी घेणार होता. तिथे निभावलं तर ठीक, नाही तर विमानात बसून घरी, आणि चोविसाव्या वर्षीच खेळ संपला. मधले तीन महिने काढायला गोपाल त्याला गावी घेऊन आला.

दारात सहाफुटी पाहुणा बघून जयवंताबाई आधी बावरल्या. पानात भाकरी वाढली, ती काही त्याच्या घशाखाली उतरेना. दुसऱ्या दिवशी त्यांनी ज्वारीच्या घट्ट कण्या शिजवल्या. मुलेंगाने बोटांनी गोळा वळला, तोंडात टाकला आणि डोळे मिटले. त्याच्या घरी मक्याच्या पिठाचं असंच काहीसं करतात, असं गोपालने सांगितलं. त्या दिवसापासून तो त्यांना 'माय' म्हणू लागला.

खरी अडचण पुढेच होती. शाळेच्या आवारात नुसता मुरूम. तिथे दोन दिवस पळाला, तर गुडघा टम्म सुजला. मऊ जमीन होती ती फक्त वावरात, आणि वावरात गुडघाभर पऱ्हाटी उभी. जयवंताबाईंचे यजमान उद्धवराव एरवी देवमाणूस, पण कपाशीच्या बाबतीत सख्ख्या भावालाही सूट नाही.

"पऱ्हाटीत चेंडू खेळन म्हनते? डोस्कं फिरलं काय तुमचं?"

"इहिरीजवळचे आठ तास माहे हायेत," जयवंताबाई म्हणाल्या. ते खरंच होतं. त्या आठ ओळींतला कापूस दरवर्षी त्यांच्या हक्काचा असे. "त्याच्यात मी कोनाले बी खेळवीन. तुमी कोन इचारनारे?"

उद्धवरावांनी नमतं घेतलं, पण अट घातलीच. एक झाड मोडलं, की एक तास, म्हणजे एक अख्खी ओळ, निंदायचं.

पहिल्याच दिवशी सतरा झाडं मोडली. मुलेंगा जमिनीवर बसून, सुजका पाय लांब करून, निंदणाऱ्या बायांच्या रांगेत खुरपं चालवू लागला. बाया हसून हसून बेजार. जयवंताबाईंना मात्र ते बघवेना. दुसऱ्या दिवशी खेळ झाल्याबरोबर त्या वावरात शिरल्या आणि मोडक्या झाडांना काड्या बांधून, बुडाशी माती थापून आल्या. उद्धवरावांनी बांधावरूनच ओळखलं.

"काऊन वो, झाडायचा दवाखाना काढला काय? असं लपवलं तं तो शिकन कसा?"

पाऊस पडला की ते कोणालाच आत सोडत नसत. वापसा यायला हवा, म्हणजे माती ना ओली ना कोरडी. मुलेंगा बांधावर चडफडत बसायचा. पण डॉक्टरने सांगितलेली जी विश्रांती त्याने हैदराबादेत कधी घेतली नव्हती, ती या वापशाने त्याला घ्यायला लावली. हळूहळू गुडघ्याची सूज उतरली.

आणि पऱ्हाटी तर वाढतच होती. दोन तासांमधली वाट रोज थोडी थोडी अरुंद होत होती. श्रावणात तो तिथून चेंडू घेऊन सहज पळायचा. भाद्रपदात फांद्या दोन्हीकडून अंगाला लागायला लागल्या. खांदा आत घ्यावा लागे, चेंडू पायाला चिकटवून ठेवावा लागे. उद्धवराव रोज मोडलेली झाडं मोजायचे. बारा. सात. दोन. शाबासकी मात्र एकदाही नाही. "दोन बी काऊन मोडले?" एवढंच. जयवंताबाईंना असा संताप यायचा, की त्या रात्री वाढताना नवऱ्याच्या ताटात भाजी जरा कमीच पडायची.

गोव्याच्या क्लबाने चाचणीनंतर त्याला फक्त एका सामन्यापुरतं ठेवून घेतलं. चमकला तर करार, नाही तर परतीचं तिकीट. दिवाळीला घरी आलेल्या गोपालने दुपारी चारला मोबाईल ओसरीवर डब्याला टेकवून उभा केला. अर्धं गाव त्या वीतभर काचेवर वाकलं. मुलेंगा तासभर बाकावर बसूनच होता.

"खेळाले नेलं अन् बसवून काऊन ठेवलं लेकराले?" जयवंताबाई कळवळल्या.

वीस मिनिटं उरली तेव्हा कुठे त्याला आत घेतलं. पहिला चेंडू त्याच्याकडून निसटला. दुसराही. जयवंताबाईंनी दाराची चौकट घट्ट धरली. शेवटच्या मिनिटाला चेंडू पुन्हा त्याच्या पायात आला. समोर चौघे, आणि त्यातल्या दोघांच्या मधे जेमतेम हातभर वाट.

"तास बग रे बाप्पा, तास!" त्या ओरडल्या.

खांदा आत, चेंडू पायाशी. कोणालाही न खेटता तो त्या दोघांमधून निघाला आणि चेंडू जाळ्यात गेला.

ओसरीवर एकच कल्ला झाला. जयवंताबाई रडत होत्या आणि रडता रडताच ज्याला त्याला आपले आठ तास सांगत होत्या. आयुष्यात इतका अभिमान त्यांना कशाचाच वाटला नव्हता. उद्धवराव जागचे हलले नाहीत. त्यांनी गोपालला तो गोल पुन्हा दाखवायला लावला. मग आणखी एकदा. तिसऱ्यांदा ते अगदी वाकून मुलेंगाकडे नव्हे, तर त्याच्या दोन्ही बाजूंच्या त्या दोन खेळाडूंकडे निरखून बघत होते. मग त्यांनी गळ्यातल्या दस्तीने डोळे पुसले.

"बगितलं का," ते म्हणाले. "एक बी झाड मोडलं नाई."