तो कट वामनभाऊंचा नव्हता

वामनभाऊ गेले, आणि सकाळपासून मी श्रद्धांजल्या वाचतोय.

"टायगर फिल्म्सचा जादूगार" म्हणे. लिहिणाऱ्याला त्यांचं आडनावही धड लिहिता आलेलं नाही.

ज्या चॅनेलने हे टाकलंय, त्याने सोबत आम्ही केलेल्या मोहर्लीच्या फिल्मची क्लिप लावलीय. नेमकी तीच.
लाज कोळून प्यायलेत.

माहीत नाही त्यांच्यासाठी सांगतो. वामनभाऊ ब्रह्मपुरीचे. लग्नाच्या कॅसेटी जोडता जोडता एडिटर झाले. मग मुंबईत वीसेक वर्षं डॉक्युमेंटरी आणि टीव्ही.

त्यांची एक सवय प्रोड्युसर लोकांच्या डोक्यात जायची. समोरचा बोलून थांबला, तरी ते शॉट कापत नसत.

"थांब ना. आपल्याकडचा माणूस अर्धं बोलते, मंग पाहते आपण आयकून राह्यलो का नाई. मंग बाकीचं सांगते."

व्याघ्र प्रकल्पाच्या गेटापाशी, मोहर्लीजवळ राहणाऱ्या शेवंताबाईंचा नवरा मोहफुलं वेचायला गेला आणि वाघाने नेला. फिल्म माझी होती. प्रश्न मीच विचारला.

"मले वाघाचा राग नाई," बाई म्हणाल्या.

मग गप्प. पदर सारखा केला. बराच वेळ गेला.

"तो जनावर आहे. राग तुमचा येऊन राह्यला. त्याले पाहाले गाड्या भरभरून येता. माया माणूस गेला तं कोणी आलं नाई."

भाऊंनी एडिटमध्ये सगळं ठेवलं. ते गप्प बसणंसुद्धा.

चॅनेलने पहिल्या वाक्यावर कापलं आणि मागे बासरी टाकली. वर निवेदन, वाघाला क्षमा करणारी आदिवासी माता.

बाई बौद्ध आहेत. विचारायची गरजही कुणाला वाटली नाही. किळस येते.

माझं नाव काढा, असा भाऊंनी मेल केला. नाव तसंच राहिलं. फिल्मला बक्षीस मिळालं.

पुढे शेवंताबाईंनी ती कुणाच्या तरी फोनवर पाहिली. भाऊ त्या भागात आले तेव्हा त्यांना गाठून विचारलं,
"भाऊ, माया बोल अर्धाच काऊन ठेवला?"

भाऊंनी चॅनेलचं नाव घेतलं नाही. माझंही नाही. "चुकलं बाई," एवढंच म्हणाले.
त्यानंतर त्यांनी टीव्हीचं काम घेतलं नाही.

चॅनेलला शिव्या घालणं सोपं आहे. घालतोच आहे.

पण तो कट मंजूर करायचा मेल मला आला होता. मी तो नीट वाचला आणि "ओके" लिहून पाठवलं. मला पुढची फिल्म हवी होती.

भाऊंना हे ठाऊक होतं. शेवटपर्यंत एका शब्दाने बोलले नाहीत, उलट भेटलो की जेवून जा म्हणायचे.

आज चॅनेलला लिहिलंय, भाऊंचं नाव काढा आणि एडिटर म्हणून माझं टाका. अजून उत्तर नाही.

बरं, या आता भाऊ.
श्रद्धांजली वाहायला मला तोंड नाही.